प्रशांत महासागर कसा वसला?

प्रशांत महासागराचा विस्तार सुमारे साडेसोळा कोटी चौरस किलोमीटर आहे. पृथ्वीवरची सगळी जमीन त्यात ठेवली तरी जागा उरेल. या पाण्यावर हवाई, न्यूझीलंड आणि रापा नुई म्हणजे ईस्टर बेट ही तीन टोके जोडली की पॉलिनेशियाचा त्रिकोण तयार होतो. त्याची प्रत्येक बाजू सात हजार किलोमीटरच्या आसपास भरते. जेम्स कुक १७६९ मध्ये न्यूझीलंडला, १७७४ मध्ये रापा नुईला आणि १७७८ मध्ये हवाईला पोचला. तिन्हीकडे त्याला एकमेकींशी नाते सांगणाऱ्या भाषा बोलणारे लोक भेटले. ज्यांच्याकडे धातू नाही, होकायंत्र नाही, असे लोक एवढ्या पाण्यावर कसे पसरले, हा प्रश्न त्याने रोजनिशीत लिहून ठेवला. गेली अडीचशे वर्षे मानववंशशास्त्र, भाषाशास्त्र, पुरातत्त्व आणि अलीकडे जनुकशास्त्र या प्रश्नाशी झुंजते आहे. त्याचे बरेचसे उत्तर आज हाती आहे. पण ते मिळायला इतका वेळ का लागला, हेही उत्तराइतकेच महत्त्वाचे आहे असे मला वाटते. बेटावरच्या माणसाला हे जमले असेल का, यावर पिढ्यान्‌पिढ्या वाद झाला. त्याने ते कसे केले, हे त्यालाच विचारावे असे मात्र फार थोड्यांच्या मनात आले.

खरे तर विचारण्याची पहिली संधी कुकलाच मिळाली होती. १७६९ मध्ये ताहितीहून निघताना त्याच्या ‘एन्डेव्हर’ जहाजावर तुपाइया नावाचा माणूस चढला. तो मूळचा रायातेआ बेटाचा. पुरोहित आणि दर्यावर्दी. न्यूझीलंडला पोचल्यावर तो माओरी लोकांशी थेट बोलू लागला, दोन्हीकडच्या भाषा इतक्या जवळच्या होत्या. त्याने जहाजावरच्या लोकांना एक नकाशा काढून दिला. त्यात ७४ बेटे होती. युरोपीय नजरेला तो नकाशा चुकीचा वाटला, कारण उत्तर-दक्षिणेच्या चौकटीत बेटे जागच्या जागी बसेनात. लार्स एकस्टाईन आणि आंजा श्वार्ट्स या अभ्यासकांनी २०१८ मध्ये दाखवले, की तुपाइयाने वेगळीच पद्धत वापरली होती. नकाशातल्या प्रत्येक बेटावर आपण उभे आहोत असे धरून तिथून पुढच्या बेटाची दिशा तो दाखवत होता. तसे वाचले की नकाशा नीट लागतो. तुपाइया १७७० मध्ये बटाव्हियाला, म्हणजे आजच्या जकार्ताला, आजारपणात वारला आणि त्याच्याबरोबर ते ज्ञानही गेले.

हे लोक ठरवून आले असावेत, हे कुकचे आधीचे मतही पुढे डळमळले. १७७७ मध्ये आतिऊ बेटावर त्याच्या जहाजावरच्या ताहितीकडच्या माई या तरुणाला आपले काही देशबांधव भेटले. वादळाने भरकटून ते शेकडो किलोमीटर दूर तिथे लागले होते. बेटे अशीच, अपघाताने वसली असावीत, हा विचार कुकच्या मनात तेव्हा आला. ‘ठरवून की वाहत’ हा वाद एका माणसाच्या दोन सफरींच्या नोंदींतून सुरू झाला आणि दोनशे वर्षे चालला.

प्रश्न समजायला थोडा भूगोल लागतो. आपण शाळेत मेलानेशिया, मायक्रोनेशिया, पॉलिनेशिया अशी विभागणी शिकतो. ती फ्रेंच दर्यावर्दी द्यूमाँ द्युर्व्हिल याने १८३२ मध्ये केली, आणि तिच्या मुळाशी कातडीच्या रंगावरून माणसांची प्रतवारी लावण्याची वृत्ती होती. ही नावे रूढ झाली, बेटांवरच्या लोकांनीही ती आता आपली मानली आहेत. पण वसाहतीचा इतिहास समजून घ्यायला ती कुचकामी आहेत. पुरातत्त्वज्ञ रॉजर ग्रीन याने १९९१ मध्ये सुचवलेली विभागणी मला जास्त खरी वाटते: जवळचा ओशनिया आणि दूरचा ओशनिया. न्यू गिनीपासून बिस्मार्क द्वीपसमूहातून सॉलोमन बेटांच्या मुख्य साखळीपर्यंत एका बेटावरून बहुधा पुढचे बेट दिसते. तिथून पुढे मात्र साडेतीनशे किलोमीटरहून अधिक उघडे पाणी आहे. त्या पाण्याच्या अलीकडे माणूस चाळीस हजार वर्षांहून जास्त काळ राहतो आहे. पलीकडे जेमतेम तीन हजार वर्षे. पश्चिमेकडच्या मायक्रोनेशियातली मारियाना बेटे त्याहून थोडी आधी, बहुधा फिलिपाइन्सकडून आलेल्या लोकांनी वसवली. तिथे पोचायला दोन हजार किलोमीटर समुद्र ओलांडावा लागतो.

पूर्वेकडे जावे तशी बेटे लहान आणि विरळ होत जातात. पश्चिमेकडची बेटे म्हणजे खंडांचे तुटलेले तुकडे आणि ज्वालामुखींच्या रांगा. पूर्वेकडची बेटे भर समुद्रातल्या एकट्या ज्वालामुखींतून वर आलेली. ज्वालामुखी थंडावून खचत जातो आणि त्याच्या कडेने प्रवाळ वर वाढत राहते, म्हणून शेवटी मध्ये लगून आणि भोवती प्रवाळाचे कडे असे कंकणद्वीप उरते, हे चार्ल्स डार्विनने १८४२ मध्ये मांडले होते. १९५२ मध्ये एनेवेटाक या कंकणद्वीपावर छिद्र पाडले तेव्हा बाराशे मीटरहून अधिक जाडीच्या प्रवाळाखाली ज्वालामुखीचा खडक लागला. अशा बेटावर आयते अन्न फारसे नसते. अळू, कोनफळ, केळी, निरफणस, कापडासाठी साल देणारी कागदी तुती, शिवाय डुक्कर, कुत्रा, कोंबडी हे सगळे माणसाने होडीतून नेले. म्हणजे प्रत्येक नव्या बेटावर उतरणाऱ्यांबरोबर एक आख्खी शेती उतरत होती. अपघाताने भरकटलेल्या मासेमारांच्या होडीत अळूचे कंद आणि डुकरीण कशाला असेल? माझ्या दृष्टीने सगळ्या वादातला हा सर्वांत साधा आणि सर्वांत पक्का पुरावा आहे.

जवळच्या ओशनियाची गोष्ट फार जुनी आहे. हिमयुगात न्यू गिनी आणि ऑस्ट्रेलिया जमिनीने जोडलेले होते, पण आशियापासून तिथे यायला तेव्हाही समुद्र ओलांडावा लागत होता. न्यू गिनीच्या डोंगराळ भागात कुक नावाच्या दलदलीत पाणी काढण्याचे जुने चर सापडले. सुमारे सात हजार वर्षांपूर्वी तिथे लागवड होत होती, म्हणजे हे जगातल्या आद्य शेतीच्या ठिकाणांपैकी एक. न्यू ब्रिटन बेटावरच्या तालासेआची ऑब्सिडियन, म्हणजे ज्वालामुखीची काळी काच, वीस हजार वर्षांपूर्वीही समुद्रापार नेली जात होती.

दूरच्या ओशनियाचे दार उघडले ते लापिता लोकांनी. हे नाव न्यू कॅलेडोनियातल्या एका जागेचे. तिथे १९५२ मध्ये एडवर्ड गिफर्ड आणि रिचर्ड शटलर यांनी खोदकाम केले आणि दातेरी ठशांनी नक्षी उठवलेल्या मडक्यांचे तुकडे मिळाले. तसेच तुकडे १९०९ मध्ये न्यू ब्रिटनजवळच्या वातोम बेटावर ओटो मायर या धर्मोपदेशकाने टिपून ठेवले होते. पुढे हीच मडकी टोंगा आणि सामोआपर्यंत सापडत गेली. मेलानेशिया आणि पॉलिनेशिया यांच्यामध्ये द्युर्व्हिलने जी भिंत उभी केली होती, तिच्या दोन्ही बाजूंना एकच नक्षी होती. बिस्मार्क द्वीपसमूहात ही मडकी साधारण ३,३०० वर्षांपूर्वी दिसू लागतात. टोंगातल्या नुकुलेका इथे सुमारे २,८०० वर्षांपूर्वी पोचतात. चार-पाच शतकांत, म्हणजे वीसेक पिढ्यांत, हजारो किलोमीटरचा पल्ला. तालासेआची काच याच काळात पश्चिमेला बोर्निओपासून पूर्वेला फिजीपर्यंत फिरत होती. जे लोक पुढे गेले, त्यांची मागच्यांशी ये-जा चालू होती.

हे लोक आले कुठून, याचे उत्तर आधी भाषेने दिले. तैवानपासून पश्चिमेला मादागास्कर आणि पूर्वेला रापा नुईपर्यंत बाराशेच्या आसपास भाषांचे एकच ऑस्ट्रोनेशियन कुळ आहे. त्याच्या सर्वांत जुन्या शाखा तैवानमध्ये आहेत, हे रॉबर्ट ब्लस्ट यांच्यासारख्या भाषाशास्त्रज्ञांनी दाखवले. पीटर बेलवुड यांनी त्याला शेतीच्या प्रसाराची जोड दिली. कागदी तुतीनेही तीच साक्ष दिली: पॉलिनेशियातल्या तुतीची मातृवंशावळ तैवानला जाऊन पोचते, असे २०१५ मध्ये सिद्ध झाले.

टोंगा आणि सामोआपर्यंत झपाट्याने आलेले हे लोक मग थांबले, आणि थोडेथोडके नाही तर दीड हजार वर्षांहून जास्त. पूर्वी ताहिती, हवाई वगैरे बेटे इसवी सनाच्या पहिल्या शतकांत वसली असे समजत. जेनेट विल्मशर्स्ट आणि सहकाऱ्यांनी २०११ मध्ये पूर्व पॉलिनेशियातली चौदाशेहून अधिक कार्बन-कालमापने पुन्हा तपासली. जुन्या लाकडाच्या कोळशामुळे वय फुगते, म्हणून त्यांनी बिया, डहाळ्या अशा अल्पायुषी अवशेषांवरच भिस्त ठेवली. निष्कर्ष धक्कादायक होता. ताहितीचा समूह १०२५ ते ११२० च्या दरम्यान, आणि बाकीची बेटे, हवाईपासून रापा नुई आणि न्यूझीलंडपर्यंत, ११९० ते १२९० या एका शतकात वसली. पुढे २०२० मध्ये आतिऊच्या तळ्यातल्या गाळात ९०० च्या सुमाराची माणसांची आणि डुकरांची खूण मिळाली, त्यामुळे आरंभ थोडा मागे सरकला. पण मोठा विराम आणि मग एकदम झेप, हा आकार कायम आहे.

विरामाची कारणे अनेक सांगितली जातात. सामोआच्या पूर्वेला पाण्याचे पट्टे फार रुंद होतात. समुद्राची पातळी उतरून कंकणद्वीपे राहण्याजोगी व्हायला वेळ लागला. व्यापारी वारे पूर्वेकडून वाहतात. एल निनोच्या वर्षांत पश्चिमेचे वारे जास्त मिळतात, आणि झेप अशाच काळात घेतली गेली असे ॲथॉल अँडरसन यांचे म्हणणे. दोन सांगाडे जोडलेली मोठी नौका याच काळात घडली, हे आणखी एक मत. मला यातले कुठलेही एकच कारण पुरेसे वाटत नाही, पण नौकेकडे जितके लक्ष द्यायला हवे तितके दिले गेलेले नाही असे वाटते. नौकेचा तोल सांभाळायला बाजूला आडव्या दांड्यांनी तरंगता ओंडका बांधायची युक्ती ही ऑस्ट्रोनेशियन लोकांची मोठी देणगी. कोकणच्या किनाऱ्यावर ज्याला उलांडी म्हणतात ती हीच. जेम्स हॉर्नेल या अभ्यासकाने १९२० मध्ये भारतीय होड्यांवर लिहिताना आपल्या किनाऱ्यांच्या या नात्याकडे लक्ष वेधले होते. हिंदी महासागर ओलांडून मादागास्करला गेलेल्या दर्यावर्दींचा मार्ग पाहिला, तर हे नाते मुळीच दूरचे वाटत नाही.

आता वादाकडे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस पर्सी स्मिथ याने माओरी परंपरांतून १३५० मध्ये न्यूझीलंडला आलेल्या एका ‘महान ताफ्या’ची गोष्ट जुळवली. ती तिथल्या शाळांत कित्येक दशके शिकवली गेली. पुढे अभ्यासकांनी मूळ कथा तपासल्या तेव्हा लक्षात आले की वेगवेगळ्या जमातींच्या वेगवेगळ्या नौका त्याने एका तारखेत कोंबल्या होत्या. स्मिथचा ताफा खोटा ठरला, आणि त्याबरोबर तोंडी परंपरेलाच अविश्वासाचा शिक्का बसला. हे नुकसान मोठे होते. चूक जुळवणाऱ्याची होती, सांगणाऱ्यांची नव्हती.

बेटे दक्षिण अमेरिकेकडून वसली हे दाखवण्यासाठी १९४७ मध्ये थोर हायरडालने ‘कोन-टिकी’ हा बाल्सा लाकडाचा तराफा पेरूच्या कायाओ बंदरातून सोडला. १०१ दिवसांनी तो तुआमोतू बेटांतल्या रारोइआच्या प्रवाळावर आदळला. धाडस खरेच मोठे होते आणि पुस्तकाने जगभर वेड लावले. पण त्यातून एवढेच सिद्ध झाले, की दक्षिण अमेरिकेकडून तराफा वाहत येऊ शकतो. भाषा, मडकी, पिके, जनावरे सगळी पश्चिमेकडे बोट दाखवत होती. त्याहून वाईट म्हणजे हायरडालच्या सिद्धान्तात संस्कृती आणणारे गोरे, दाढीवाले लोक होते. बेटांवरच्या लोकांचे कर्तृत्व त्यांच्याकडून काढून दुसऱ्या कुणाला देण्याचा तो प्रकार होता, आणि तराफ्याच्या रोमांचापुढे वाचकांनी ते मुकाट्याने गिळले.

न्यूझीलंडच्या अँड्र्यू शार्पने १९५६ मध्ये उलट बाजूने तीच गोष्ट केली. लोक पश्चिमेकडूनच आले हे त्याला मान्य होते, पण उपकरणांशिवाय तीनशे मैलांपलीकडे ठरवून जाणे-येणे अशक्य, म्हणून दूरची बेटे भरकटून वसली, असा त्याचा दावा. हा दावा त्या काळी पटण्यासारखा वाटला, कारण दूरच्या सफरी दिसेनाशा झाल्या होत्या. त्या का दिसेनात, हे पाहायला हवे होते. युरोपीय संपर्कानंतरच्या साथींनी बेटे ओस पाडली. मार्केसस बेटांवर १९२० च्या दशकात जेमतेम दोन हजार लोक उरले होते. फिजीत १८७५ च्या गोवराने चाळीस हजारांच्या आसपास माणसे नेली. वसाहतींच्या सरकारांनी अनेक ठिकाणी बेटाबेटांमधल्या सफरींवर बंदी घातली. विद्या जिवंत ठेवणारी माणसे मेली, शिकणाऱ्यांना रोखले, आणि मग तिचा मागमूस नाही म्हणून ती कधी नव्हतीच असे म्हटले गेले.

शार्पला पहिले उत्तर गणिताने दिले. लेव्हिसन, वॉर्ड आणि वेब यांनी १९७३ मध्ये वारे आणि प्रवाहांच्या नोंदी संगणकात घालून लाखाहून अधिक होड्या कल्पनेत भरकटवल्या. हवाई, न्यूझीलंड आणि रापा नुई या तिन्ही टोकांना वाहत पोचणे जवळजवळ अशक्य निघाले. दुसरे उत्तर त्याहून मोलाचे होते. डेव्हिड लुईस हा डॉक्टर-खलाशी १९६० च्या दशकाच्या अखेरीस अजून हयात असलेल्या वाटाड्यांना शोधत गेला: सॉलोमन बेटांतल्या रीफ बेटांचा तेवाके, कॅरोलाइन बेटांतल्या पुलुवातचा हिपोर. उपकरणे बाजूला ठेवून तो त्यांच्या हाताखाली समुद्रावर गेला. तेवाके रात्री आडवा पडून नौकेखालून येणाऱ्या लाटांची जात ओळखे. लुईसचे पुस्तक १९७२ मध्ये आले आणि त्याने या प्रश्नाची भाषाच बदलली.

या विद्येत काय होते? क्षितिजावर ठरावीक जागी उगवणारे आणि मावळणारे तारे हे होकायंत्र; एक वर चढला की त्याच जागी उगवणारा पुढचा. दिवसा आणि ढगाळ रात्री दूरच्या वाऱ्यांनी उठवलेल्या लाटांची दिशा. संध्याकाळी जमिनीकडे परतणारे पक्षी. लगूनवरच्या ढगाच्या पोटाला आलेली हिरवट छटा. कॅरोलाइन बेटांचे वाटाडे होडी जागच्या जागी स्थिर आहे आणि बेटेच सरकत मागे जातात असे धरून हिशेब करत. बाजूच्या एका बेटाची जागा ताऱ्यांखालून सरकताना मनात मोजायची, म्हणजे किती अंतर आलो ते कळते. मार्शल बेटांत माडाच्या हिरांचे आणि कवड्यांचे नकाशे करत. त्यात बेटांवर आपटून वळणाऱ्या लाटा दाखवलेल्या असत. ते पाठ करून घरी ठेवायचे असत, होडीत न्यायचे नसत. जेफ्री अर्विन यांनी १९९२ मध्ये या शहाणपणाचा आणखी एक पदर दाखवला. शोधाला निघायचे ते नेहमीच्या वाऱ्याच्या विरुद्ध, म्हणजे काही सापडले नाही तर तोच वारा घरी आणून सोडतो. वाऱ्याविरुद्धची दिशा अडचणीची वाटते, पण अनोळखी समुद्रात तीच सर्वांत सुरक्षित.

हे प्रत्यक्ष करून दाखवायचे म्हणून बेन फिनी, चित्रकार हर्ब काने आणि टॉमी होम्स यांनी १९७३ मध्ये हवाईत पॉलिनेशियन व्हॉयेजिंग सोसायटी स्थापन केली. १९७५ मध्ये ‘होकुलेआ’ ही जोडनौका पाण्यात उतरली. वाट दाखवणारा मात्र हवाईत कुणी उरला नव्हता. तो आला मायक्रोनेशियातल्या सातावल या इवल्याशा बेटावरून: मौ पियाइलुग. लहानपणी आजोबांनी त्याला समुद्राची हालचाल अंगात मुरावी म्हणून भरतीच्या डबक्यांत बसवले होते. १ मे १९७६ ला माउई बेटावरून निघून, चार हजार किलोमीटर कापून, ४ जूनला ‘होकुलेआ’ पापेटेत पोचली. त्या पाण्यावर मौ आधी कधी गेला नव्हता आणि दक्षिणेचे बरेच आकाश त्याच्या ओळखीचे नव्हते. बंदरावर सतरा हजार लोक जमले होते.

एका सफरीने इतिहास सिद्ध होत नाही, असा आक्षेप तेव्हाही घेतला गेला आणि तो तर्काला धरून होता. पण शार्पचे ‘अशक्य’ त्या दिवशी संपले. पुढे दोन वर्षांनी नौका उलटली आणि मदत आणायला सर्फिंगच्या फळीवर निघालेला तिच्यावरचा खलाशी एडी आयकाऊ परत आला नाही. त्यानंतर मौने आपल्या रिवाजाबाहेर जाऊन परक्यांना विद्या दिली. त्याच्याकडे शिकलेल्या नाइनोआ थॉम्पसनने १९८० मध्ये हवाई ते ताहिती आणि परत असा प्रवास केला. १९९९ मध्ये नौका रापा नुईलाही पोचली. सातावलची स्वतःची मुले त्या काळात या विद्येकडे पाठ फिरवत होती, आणि ती कुणाकडे तरी जिवंत राहावी म्हणून मौने आपल्या लोकांचा रोष पत्करला. या साऱ्या कथेत मला त्याच्याइतके मोठे मन दुसरे दिसत नाही.

पुढचा पुरावा दगडात मिळाला. तुआमोतू बेटांवर मिळालेल्या वासल्यांच्या पात्यांचे रासायनिक पृथक्करण २००७ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यातल्या एका पात्याचा दगड हवाईतल्या काहोओलावे बेटावरचा होता, चार हजार किलोमीटर दूरचा.

आणि दक्षिण अमेरिका? रताळे मूळचे तिथले, आणि युरोपीय येण्याआधीच ते पॉलिनेशियात पिकत होते. कुक बेटांतल्या मांगाइआ इथे त्याचे जळके अवशेष सापडले आहेत. बिया वाहून आल्या असाव्यात असे २०१८ मध्ये एका गटाने मांडले. पण २०२० मध्ये अलेक्झांडर इओआनिडिस आणि सहकाऱ्यांना आजच्या बेटकऱ्यांच्या जनुकांत इ.स. १२०० च्या सुमाराला झालेल्या अमेरिकन संकराची खूण दिसली, कोलंबियाच्या किनाऱ्याकडच्या लोकांशी जुळणारी. २०२४ मध्ये रापा नुईच्या पंधरा जुन्या अवशेषांच्या जनुकांतही सुमारे दहा टक्के अमेरिकन वारसा मिळाला. जाऊन परत येणारे बहुधा पॉलिनेशियनच होते, कारण मोठा समुद्र ओलांडायची सवय त्यांना होती. २०२४ च्या याच अभ्यासाने झाडे तोडून स्वतःचा सर्वनाश करून घेतलेल्या रापा नुईची लोकप्रिय कथाही मोडीत काढली. सतराव्या शतकात लोकसंख्या कोसळल्याची खूण जनुकांत नाही. कोसळली ती १८६० च्या दशकात, पेरूच्या गुलाम पकडणाऱ्यांनी आणि त्यांच्या मागोमाग आलेल्या देवीच्या साथीने.

सगळ्यात गुंतागुंतीचे चित्र मात्र पश्चिमेकडे, वानुआतूमध्ये उघडते आहे. एफाते बेटावरच्या तेओउमा इथे लापिता काळाची दफनभूमी सापडली. तिथल्या तीन आणि टोंगातल्या एका सांगाड्याचे जनुकीय विश्लेषण २०१६ मध्ये आले. पहिले रहिवासी जवळजवळ पूर्णपणे तैवान-फिलिपाइन्सकडच्या वंशाचे निघाले. आजचे वानुआतूवासी मात्र प्रामुख्याने पापुअन, म्हणजे न्यू गिनी आणि आसपासच्या, वंशाचे आहेत. म्हणजे पहिल्यांच्या मागून, काही शतकांतच, बिस्मार्ककडून दुसरे लोक आले, आणि तेही तेच साडेतीनशे किलोमीटर पाणी ओलांडून. वंश बदलत गेला, पण भाषा ऑस्ट्रोनेशियनच राहिली. हे लढाईने झाले नसावे. पिढ्यान्‌पिढ्यांची ये-जा आणि सोयरिक असावी, असे मला वाटते. या लोकांना द्युर्व्हिलने प्रतवारीत सर्वांत खाली बसवले होते, आणि दूरच्या समुद्रावरच्या त्यांच्या सफरींवर आजही फार कमी लिहिले जाते.

एपेली हाउओफा या टोंगन लेखकाने १९९३ मध्ये सुव्हातल्या विद्यापीठात बसून लिहिले, की प्रशांत महासागराकडे दूर समुद्रातली चिमुकली बेटे म्हणून न पाहता बेटांचा समुद्र म्हणून पाहावे. त्याचा निबंध आज अनेक अभ्यासक्रमांत आहे. पण व्यवहारात जगाच्या कौतुकाचा वाटा हवाई, ताहिती आणि न्यूझीलंड यांच्याकडेच जास्त जातो. सॉलोमन बेटांच्या पूर्व टोकाला ताऊमाको बेटावर कावेइया या वृद्ध प्रमुखाच्या पुढाकाराने १९९० च्या दशकात ‘ते पुके’ ही पारंपरिक नौका पुन्हा बांधली गेली; खेकड्याच्या नांगीसारख्या तिच्या शिडासकट. तेवाके याच समुद्रातला. आधी ऑस्ट्रोनेशियन आणि त्यांच्या मागून पापुअन लोकांनी उघडे पाणी ओलांडले ते याच पट्ट्यात. लाटा आणि वारे अंगाने ओळखणारी माणसे तिथे अजून आहेत. वानुआतूच्या जनुकांनी उभा केलेला प्रश्न त्यांच्याकडे घेऊन जायला हवा, ती हयात असतानाच.